कुमुदिनीच्या तळ्यात मित्रकीटक: दिवाळी ते पावसाळा, वापरानंतरचा अनुभव

साकोली तालुक्यातील आमच्या घरामागच्या वाडीत सिमेंटचे एक उथळ तळे असून त्यात कुमुदिनी लावलेली आहे. गेल्या दिवाळीपासून त्यावर कोणतीही फवारणी न करता केवळ मित्रकीटकांवर भिस्त ठेवली. विकत आणलेल्या क्रायसोपर्लाने (जाळीदार पंखांचा, मावा खाणारा मित्रकीटक) माव्याविरुद्ध निम्मे काम केले. फुकट आलेल्या चतुरांनी डासांविरुद्धचे काम पूर्ण केले.

मुख्य त्रास माव्याचा, म्हणजे रस शोषणाऱ्या बारीक किडीचा होता. थंडीत तो पानांवर आणि कळ्यांच्या देठांवर दाटून बसतो, पाने चिकट होऊन पिवळी पडतात. निंबोळी अर्कही मी टाळला, कारण तो पाण्यातील उपयोगी कीटकांच्या पिल्लांनाही बाधतो. भातावरील खोडकिडीसाठी आपण लावतो ते ट्रायकोकार्ड येथे निरुपयोगी आहे. त्यावरील ट्रायकोग्रामा ही बारीक परजीवी गांधीलमाशी पतंगांच्या अंड्यांवर जगते, माव्यावर नाही.

क्रायसोपर्लाची अळी विळ्यासारखे जबडे माव्यात खुपसून रस शोषते आणि रिकामे कातडे पानावरच टाकून पुढे सरकते. भिंगातून हे स्पष्ट दिसते. मात्र शेतात एका झाडावरून दुसऱ्या झाडावर जाणारी ही अळी तळ्यात एकाच पानावर अडकते, आणि खाणे संपले की या अळ्या एकमेकींनाच खातात. म्हणून अंडी एका जागी न ओतता, मऊ ब्रशने मावा असलेल्या प्रत्येक पानावर थोडी थोडी, तीही सायंकाळी ठेवावीत. काठाला टेकलेली पाने आधी छाटावीत, नाहीतर त्यांवरून मुंग्या चढतात आणि माव्याच्या गोड स्रावासाठी अळ्यांना हुसकावतात. जेथे पाने एकमेकांवर चढली होती, त्या कोपऱ्यात मावा जवळजवळ संपला. सुट्या पानांवर फारसा फरक पडला नाही, ती पाण्यात बुडवून हातानेच धुवावी लागली. क्रायसोपर्लाचे प्रौढ परागकण आणि मधुरसावर जगतात, म्हणून काठावरचा सांबार (कोथिंबीर) फुलावर येऊ दिला. त्यावर मावा खाणारे ढालकिडेही आले, तो वरचा नफा.

डासांचा बंदोबस्त चतुर आणि टाचण्या (चतुराचे सडपातळ भाऊबंद) यांनी केला. मामा (माजी मालगुजारी) तलाव जवळच असल्याने पाऊस लागताच ते आपणहून येऊन अंडी घालतात. त्यांची पिल्ले खालचा ओठ झटक्यात पुढे फेकून डासांच्या अळ्या धरतात. पांढऱ्या ताटलीत तळ्याचे पाणी घेऊन पाहिले असता पिल्ले भरपूर आणि डासांच्या अळ्या क्वचितच दिसल्या. गप्पी मासे मी मुद्दाम सोडले नाहीत, कारण ते चतुराची कोवळी पिल्लेही गिळतात. पिल्लांना वर चढून कात टाकता यावी म्हणून पाण्याबाहेर येतील अशा काही काड्या मात्र रोवाव्यात. डेंग्यूच्या डासासाठी या व्यवस्थेवर विसंबू नये. तो कुलरच्या टाकीत आणि रांजणात वाढतो, तेथे चतुराचे काही चालत नाही, त्यामुळे आठवड्यातून एकदा पाण्याची भांडी रिकामी करून सुकवण्याचा कोरडा दिवस पाळावाच लागतो.

उन्हाळ्यात पारा 45 अंशांकडे सरकू लागल्यावर क्रायसोपर्ला मागवणे म्हणजे पैसे वाया घालवणे होय. येत्या थंडीत मी पुन्हा मागवीन, पण निम्मीच, आणि केवळ दाट पानांच्या कोपऱ्यासाठी.