नॅनोव्हीएनए: ट्रान्समिशन लाइन डोळ्यांनी बघायची असेल तर

इलेक्ट्रोमॅग्नेटिक्सच्या पेपरात मॅक्सवेलची समीकरणं बहुतेक मुलं पाठ करून निभावतात. गाडं अडतं ते ट्रान्समिशन लाइनवर, म्हणजे लाट वाहून नेणाऱ्या केबलच्या गणितावर. स्मिथ चार्टवर, म्हणजे इम्पीडन्स दाखवणाऱ्या गोल आलेखावर, कंपास फिरवला की उत्तर येतं, पण आपण नेमकं काय फिरवलं हे कळत नाही. कोल्हापुरात ईएनटीसी (इलेक्ट्रॉनिक्स आणि टेलिकम्युनिकेशन) करणाऱ्या मुलांनी नॅनोव्हीएनए, म्हणजे केबल किंवा अँटेनातून किती लाट परत येते आणि किती पुढे जाते ते प्रत्येक फ्रिक्वेन्सीला मोजणारा छोटा मीटर, घ्यावा का, याचं आमचं उत्तर स्पष्ट आहे: या एका प्रकरणासाठी जरूर घ्यावा, आणि तिघाचौघांनी मिळून घ्यावा. प्रयोगशाळेतला व्हेक्टर नेटवर्क ॲनालायझर लाखांत जातो, हा काही हजारांत येतो आणि शर्टाच्या खिशात मावतो.

हे परीक्षण 2.8 इंची पडद्याच्या साध्या मॉडेलचं आहे. रेंज 50 किलोहर्ट्झ ते 900 मेगाहर्ट्झ, एका स्वीपमध्ये (निवडलेल्या रेंजमधून एकदा फिरताना) 101 बिंदू. आतल्या क्लॉक चिपमधून चौकोनी लाट निघते. 300 मेगाहर्ट्झपर्यंत तिची मूळ फ्रिक्वेन्सी वापरली जाते, त्यापुढे तिसरा हार्मोनिक. चौकोनी लाटेत तिसऱ्या हार्मोनिकची उंची मूळच्या एक तृतीयांश, म्हणजे साडेनऊ डीबी कमी. 300 च्या खाली सुमारे 70 डीबी मिळणारी डायनॅमिक रेंज (वाचता येणाऱ्या सगळ्यात मोठ्या आणि लहान सिग्नलमधलं अंतर) 900 जवळ 40 पर्यंत उतरते, त्याचं हे एक कारण. रिफ्लेक्शन मोजताना याचा फारसा त्रास होत नाही, फिल्टरचा स्टॉपबँड (तो अडवतो त्या फ्रिक्वेन्सी) मोजताना होतो.

पैसे कुठे वसूल होतात ते सांगतो. आरजी-58 केबलचा बरोबर एक मीटरचा तुकडा घ्या, एका टोकाला एसएमए कनेक्टर लावा, दुसरं टोक उघडं ठेवा. स्वीप 1 ते 100 मेगाहर्ट्झ, डिस्प्ले स्मिथ चार्ट. बटण दाबण्याआधी वहीत गणित करा. केबलमधलं पॉलिथिलीन, त्याचा डायइलेक्ट्रिक स्थिरांक 2.25 च्या आसपास, त्याचं वर्गमूळ 1.5, म्हणजे लाटेचा वेग प्रकाशाच्या साधारण 0.66 पट. पाव तरंगलांबी एक मीटर केव्हा होईल? 49.5 मेगाहर्ट्झला. आता मार्कर हळूहळू सरकवा. ठिपका चार्टच्या उजव्या टोकाला, ओपनवर उभा असतो. फ्रिक्वेन्सी वाढेल तसा तो घड्याळाच्या दिशेनं खालच्या अर्ध्या भागातून, म्हणजे कपॅसिटिव्ह बाजूनं निघतो आणि 49 च्या आसपास डाव्या टोकाला पोचतो. टोक उघडं आहे, तरी या बाजूनं शॉर्ट दिसतो! 99 जवळ पूर्ण वर्तुळ होऊन तो परत ओपनवर येतो. नीट पाहिलं तर वर्तुळ पुरतं मिटत नाही, शेवट किंचित आत सरकलेला असतो. तो केबलचा लॉस. पुस्तकात अल्फा म्हणून येतो तो हाच. हा शॉर्ट 49.5 ऐवजी 60 च्या वर आला तर केबल फोमची आहे असं समजा. वायरची जात मीटरनं ओळखण्याचा हा आनंद वेगळाच असतो.

यानंतर रेझिस्टर लावा. 100 ओहमला गॅमा (परत येणाऱ्या लाटेचं प्रमाण) एक तृतीयांश, व्हीएसडब्ल्यूआर (केबलवरच्या कमाल आणि किमान व्होल्टेजचं गुणोत्तर) 2. 75 ओहमला गॅमा 0.2, व्हीएसडब्ल्यूआर 1.5. दोन-चार मेगाहर्ट्झवर आकडे तंतोतंत जुळतात आणि 300 वर पार बिघडतात. यात मीटरचा दोष नाही. रेझिस्टरच्या पायांचं इंडक्टन्स दर मिलिमीटरला साधारण एक नॅनोहेन्री. दोन्ही पाय मिळून 20 मिलिमीटर राहिले तर 300 मेगाहर्ट्झवर जवळपास 38 ओहमचा रिॲक्टन्स आपोआप जोडला जातो आणि ठिपका वरच्या अर्ध्यात चढतो. पाय कापून पुन्हा लावा, ठिपका खाली येताना दिसेल. त्यापेक्षा 0805 आकाराचा चिप रेझिस्टर थेट कनेक्टरवर सोल्डर केलेला बरा.

अँटेनासाठी 433 मेगाहर्ट्झ निवडा, आकार हातात मावतो. पाव तरंगलांबी 17.3 सेंटीमीटर. चार भोकांच्या पॅनेल एसएमएला मध्ये उभी तार आणि चार कोपऱ्यांत चार रेडियल (जमिनीचं काम करणाऱ्या तारा). तार 18 सेंटीमीटरची ठेवून मिलिमीटर-मिलिमीटरनं कापत जा, डिप, म्हणजे रिफ्लेक्शनच्या आलेखातला खड्डा, उजवीकडे सरकत 433 वर येईल. रेडियल आडवे असताना इम्पीडन्स 36 ओहमच्या आसपास, व्हीएसडब्ल्यूआर 1.4 च्या घरात. आता चारही रेडियल 45 अंश खाली वाकवा, ठिपका 50 ओहमच्या मध्याकडे सरकतो. हात जवळ नेला की तो लगेच हलतो. नियर फील्ड म्हणजे काय हे इतक्या सरळ दुसरीकडे कुठे दिसत नाही. हा प्रयोग लोखंडी कपाटाजवळ करू नका. एफएमची मोठी अँटेना मोजताना ट्रेस थरथरायला लागला तर तो गावातल्या स्टेशनचा जोर असू शकतो. 94.3 जवळ तसं झालं तर तो भाग सोडून बाकीचा वक्र बघा.

चुकतं ते बहुतेक कॅलिब्रेशनमध्ये. आधी स्वीपची रेंज ठरवा, मग कॅल, रिसेट, कॅलिब्रेट. त्यात ओपन, शॉर्ट, लोड (50 ओहमचा तुकडा), आयसोलेशन, थ्रू (दोन्ही पोर्ट एकमेकांना जोडून), शेवटी डन आणि सेव्ह. रेंज बदलली की पुन्हा करा. पडद्याच्या डाव्या कडेला मोठा सी दिसला तर कॅलिब्रेशन त्याच रेंजचं आहे, छोटा सी म्हणजे मीटर अंदाजानं मधले आकडे भरतोय. दुसरी चूक अशी की कॅलिब्रेशन मीटरच्या तोंडाशी केलं जातं आणि मग मध्ये 10 सेंटीमीटरची केबल जोडली जाते. 900 मेगाहर्ट्झवर एवढ्याशा केबलमध्ये जाऊन-येऊन फेज 300 अंशांहून जास्त फिरते, मग स्मिथ चार्टवरचं वाचन निरर्थक. कॅलिब्रेशन नेहमी केबलच्या त्या टोकाला करा जिथे वस्तू लागणार आहे.

कनेक्टर घट्ट करताना फक्त नट फिरवा, वस्तू नाही. वस्तू फिरवली की मधली पिन घासते आणि काही महिन्यांत वाचन डळमळू लागतं. पोर्टवर कायमचा एक ॲडॉप्टर ठेवा, झिजायचं ते त्यानं झिजावं. चालू ॲम्प्लिफायरच्या आउटपुटला किंवा डीसी असलेल्या केबलला पोर्ट कधीही जोडू नका. एप्रिल-मेमध्ये वळिवाचे ढग दाटले की गच्चीवरची अँटेना आधी काढून ठेवा.

वेव्हगाइड, म्हणजे लाट नेणारी धातूची पोकळ नळी, मात्र यात नाही. एक्स-बँडच्या 22.86 मिलिमीटर रुंद गाइडचा कटऑफ (ज्याखाली लाट पुढे जात नाही) 6.56 गिगाहर्ट्झ, तिथपर्यंत हा पोचत नाही. कॉलेजच्या क्लिस्ट्रॉन बेंचवर स्लॉटेड लाइनचा प्रोब सरकवून 9 गिगाहर्ट्झला लगतच्या दोन मिनिमांमधलं 2.43 सेंटीमीटर अंतर मोजणं, ते दुप्पट करून गाइडमधली तरंगलांबी काढणं, हे तिथेच शिकावं लागेल. गाउसचा नियम, बाउंड्री कंडिशन, कर्ल यांतही याची मदत नाही; त्याला वही आणि पेन्सिलच.

विकत घेताना शिल्डिंगचे पत्रे लावलेलंच मॉडेल मागा. स्वस्त नकलांत ते नसतात आणि दोन पोर्ट एकमेकांत गळतात. पार्सल आलं की आधी लोडचा ओहम मल्टीमीटरनं मोजा, 49 ते 51 च्या बाहेर असेल तर तो लोड परत करा, कारण पुढची सगळी वाचनं त्याच्यावर उभी राहणार आहेत. मग कॅलिब्रेशन करून दोन्ही पोर्ट वेगळे ठेवा आणि 100 मेगाहर्ट्झवर एस21 (एका पोर्टातून दुसऱ्यात पोचणारा सिग्नल, डीबीत) बघा. −70 च्या आसपास नसेल तर परत पाठवायची मुदत संपायच्या आत पाठवा.