चिचेन इत्साच्या सहलीत १,२१६ पेसो समजून १,२१६ डॉलर भरले

मेक्सिकोत कॅनकुनला जाणाऱ्यांनो, आणि त्यातही आई-बाबांना घेऊन जाणाऱ्यांनो, हे जरा नीट वाचा. मी तीन महिने कोणाला काही बोलले नव्हते. ‘एवढी शिकलेली तू, आणि बघितलं नाहीस?’ हे मला पुन्हा ऐकायचं नव्हतं. नवऱ्याने एकदा ऐकवलंय, तेवढं पुरे. पण गेल्या आठवड्यात ऑफिसातल्या एकीने मार्चच्या सुट्टीसाठी घेतलेलं पत्रक दाखवलं. तोच फोटो, तीच सहल, तेच ‘सगळं धरून’. मग गप्प बसवेना.

आम्ही ह्यूस्टनला राहतो. २०२३ च्या थँक्सगिव्हिंगला आई-बाबा सांगलीहून आले होते. भारतीय पासपोर्टवर अमेरिकेचा चालू व्हिसा असला की मेक्सिकोचा वेगळा काढावा लागत नाही, विमान दोन-अडीच तासांचं, म्हणून चार दिवस कॅनकुन ठरवलं. समुद्रात बाबांना फारसा रस नव्हता. त्यांच्या मनात सेनोटे होतं. युकातानच्या त्या भागात जमिनीवर नदीच नाही. सगळी चुनखडी, पाणी खालून वाहतं, आणि जिथे वरचं छत कोसळलं तिथे खोल गोल विहीर उघडी पडते, तिला सेनोटे म्हणतात. चिचेन इत्सा हे तिथलं माया लोकांचं प्राचीन शहर, त्या नावाचा अर्थच ‘इत्सा लोकांच्या विहिरीचं तोंड’. बाबा हे सगळं सांगलीहून वाचून आले होते. ते सहाव्या वर्षी पाठीला सुका भोपळा बांधून गावच्या विहिरीत पोहायला शिकले. सहलीच्या वेळी ६८ वर्षांचे होते, आणि त्यांची एवढीच इच्छा होती की एकदा त्या पाण्यात उतरायचं.

हॉटेलच्या लॉबीत एक टेबल होतं, वर ‘पर्यटन माहिती’ अशी पाटी. मी ते हॉटेलचंच समजले. आतल्या टेबलावर बसलेला माणूस हॉटेलचा नसेल असं कोणाच्या डोक्यात येईल? चिचेन इत्साची एका दिवसाची सहल तिथूनच घेतली, माणशी ५९ डॉलर, चौघांचे २३६. जेवण, गाइड, प्रवेश, सेनोटे, सगळं त्यात. पत्रकावर इक किल नावाच्या सेनोटेचा फोटो होता, वरून लोंबणाऱ्या मुळ्या आणि खाली निळंशार पाणी.

शनिवारी, २५ नोव्हेंबरला, सातला येणारी गाडी आली पावणेआठला. मग हॉटेलं फिरत माणसं गोळा केली, एका वाहनतळावर बस बदलायला लावली, आणि कॅनकुन सुटेपर्यंत सव्वानऊ. बसमध्ये गाइडने माणशी ४५ डॉलर ‘सरकारी कर’ मागितला, रोखच. मी म्हटलं, प्रवेश तर धरलाय ना? म्हणे प्रवेश धरलाय, कर नाही. सगळी बस निमूट पैसे काढत होती, मीही १८० डॉलर काढून दिले. चिचेन इत्साच्या खिडकीवर परदेशी माणसाला दोन तिकिटं लागतात, एक केंद्राचं आणि एक युकातान राज्याचं. दोन्ही मिळून त्या वर्षी ६१४ पेसो होते, तेव्हाच्या भावाने ३६ डॉलर. ‘कर’ म्हणजेच ती तिकिटं, आणि माणशी ९ डॉलर वर. खिडकीवर स्वतः पैसे भरा, दोन्ही कागद हातात घ्या.

कॅनकुन किंताना रो राज्यात आहे, चिचेन इत्सा युकातानमध्ये, आणि युकातानचं घड्याळ एक तास मागे चालतं. गाइड उत्साहाने म्हणाला, “बघा, तुम्हाला एक तास फुकट मिळाला.” तो तास आणि वर आणखी एक तास त्याने आम्हाला दुकानात बसवलं. ‘माया लोकांची सहकारी संस्था’ असं त्याचं वर्णन होतं. आधी तिथे का, तर सकाळी अवशेषांवर गर्दी असते म्हणे. साफ खोटं. गेट आठला उघडतं, गर्दी आणि ऊन दोन्ही दहानंतर वाढतात. जो गाइड तुम्हाला भर दुपारी एक वाजता त्या उघड्या मैदानात नेतो, त्याने सकाळ कोणाला तरी विकलेली असते.

दुकानात शिरताना एकाने धुपाचा धूर फिरवून मंत्र म्हटले. मग चांदीची पेंडंट. वाटेत गाइडने माया लिपीची गोष्ट रंगवून सांगितलीच होती. त्या लिपीतली बरीच चिन्हं आपल्या क, का, कि सारखी अक्षरांची असतात, १९५२ मध्ये युरी क्नोरोझोव्ह या सोव्हिएत अभ्यासकाने ते दाखवून दिलं, वगैरे. ते खरं आहे, आणि म्हणूनच आम्ही भुललो. ‘तुमच्या नातवंडांची नावं माया अक्षरांत कोरून देतो, जेवण होईपर्यंत तयार,’ असं म्हटल्यावर आई हरखली. भावाची दोन, ताईची दोन, अशी तिची चार नातवंडं. ईशान, अन्वी, मल्हार, रमा. तिने नावं कागदावर लिहून दिली.

आता किमतीचं. चिठ्ठीवर पेनने डॉलरचं चिन्ह आणि पुढे ३८०. मेक्सिकोत पेसोलाही तेच चिन्ह वापरतात, एका रेघेचाही फरक नाही. त्याच इमारतीत जेवणाच्या टेबलावर शीतपेयाच्या यादीत तेच चिन्ह आणि पुढे ६०, ते पेसो होते, मी स्वतः चौघांचे २४० पेसो दिले. मग त्याच छपराखाली पेंडंटचे ३८० म्हणजे मी काय समजायचं? ३८० पेसो, २२ डॉलर. मी विचारलंसुद्धा, “पेसो?” ती मुलगी हसून “सी, सी” म्हणाली. चारांचे १,५२०, त्यावर २० टक्के सूट, १,२१६. मी मनात हिशोब केला, एकाहत्तर डॉलर, ठीक आहे.

आणि इथेच मला कळायला हवं होतं. तिने आईसाठी खुर्ची आणली. गादीची खुर्ची. बाबांना छोट्या ग्लासात टकिला दिली, त्यांनी नको म्हटल्यावर हिबिस्कसचं सरबत आणलं. प्रत्येक पेंडंट वेगळ्या मखमली डबीत, सोबत शिक्का मारलेलं प्रमाणपत्र, आणि एक माणूस फक्त डब्या पुसायला. बावीस डॉलरच्या वस्तूला खुर्ची कोण देतं? सांगलीच्या सराफ कट्ट्यावर आपण काय बघत वाढलो? दुकानदार कधी चहा मागवतो आणि कधी नुसतं वर बघतो, हे मला लहानपणापासून ठाऊक आहे. ती खुर्ची मला दिसली. मला तेव्हा बरं वाटलं, की आईला मान देताहेत. या एका गोष्टीसाठी मी स्वतःला अजून माफ केलेलं नाही.

यंत्र तिने स्वतःच्या हातात धरलं होतं, अंगठा पडद्याच्या खालच्या बाजूला. मला दिसला तो १,२१६.०० हा आकडा. दारात गाइड ‘बस निघाली, बस निघाली’ करून टाळ्या वाजवत होता. मी सही केली. पावतीवर आकड्याच्या आधी बारीक अक्षरांत यूएसडी छापलेलं आहे. पेसो असते तर एमएक्सएन किंवा एम.एन. असतं. यंत्र आपल्या हातात घेतल्याशिवाय कार्ड द्यायचं नाही. देत नसतील तर उठून बाहेर पडा, बस थांबते. आमची बस त्यानंतर वीस मिनिटं तिथेच उभी होती.

चिचेन इत्साला गाइडसोबत चाळीस मिनिटं आणि मोकळी वीस. कुकुलकानचा पिरॅमिड समोर आला तेव्हा बाबा दोन मिनिटं काही बोललेच नाहीत. चारही बाजूंना ९१ पायऱ्या, वरचा चौथरा धरून ३६५. २००६ पासून वर चढू देत नाहीत. खाली उभं राहून टाळी वाजवली की वरून पक्ष्याच्या चिवचिवाटासारखा प्रतिध्वनी येतो, तो आईने तीनदा ऐकला. चेंडूच्या खेळाचं मैदान लांबूनच पाहिलं. पवित्र सेनोटेपर्यंत चालत जाऊन यायला वेळ नव्हता. जी विहीर त्या गावाच्या नावात आहे, ती बाबांनी पाहिली नाही. आतल्या फेरीवाल्यांकडे बघूही नका, ते लुबाडतात, असं गाइडने बजावलं होतं. त्यांच्यातल्याच एकाकडे तसलंच पेंडंट २०० पेसोला होतं.

सेनोटे इक किल नव्हतंच. दुसरीकडे नेलं, फोटोबद्दल विचारल्यावर ‘नमुन्यादाखल’ असं उत्तर. लाइफ जॅकेट आणि लॉकर माणशी १५० पेसो, म्हणजे आणखी ३५ डॉलर. वेळ पंचवीस मिनिटं. अंगावरचं सनस्क्रीन धुवून मगच पाण्यात सोडतात, ते बरोबरच आहे, पण शॉवरला रांग, जॅकेटला रांग. बाबा गुडघ्याच्या दुखण्यामुळे ओल्या पायऱ्या एकेक करून उतरत होते. ते पाण्याशी पोचले, पाय घोट्यापर्यंत बुडवले, आणि वरून शिट्टी झाली. बाबा केशरी जॅकेट घालून तसेच वळले आणि पायऱ्या चढायला लागले. दुकानाला दोन तास, आणि माझ्या बाबांना घोटाभर पाणी.

रोमिंग बंद ठेवलं होतं. रात्री आठला हॉटेलच्या वायफायवर आल्यावर बँकेचा मेसेज दिसला, १,२१६.०० डॉलर. दिवसभरात रोमिंगचे दहा-बारा डॉलर वाचवायला गेले. फोन चालू असता तर दुकानाच्या दारातच कळलं असतं.

पुढचं ऐका. बँक म्हणाली, व्यवहार अजून ‘प्रलंबित’ आहे, आता तक्रार घेता येत नाही. म्हणजे चोर अजून अंगणात आहे, पण तो फाटकाबाहेर पडेपर्यंत थांबा. लॉबीतलं टेबल सकाळी रिकामं. हॉटेल म्हणालं ते टेबल आमचं नाही, आम्ही फक्त जागा भाड्याने देतो. पोलिसांनी पाऊण तास बसवून सांगितलं, दुकान युकातानमध्ये, आम्ही किंताना रोचे, तिकडे जाऊन तक्रार करा. संध्याकाळी आमचं विमान! युकातानला फोन लावला, तर स्वतः हजर राहा. तिथल्या ग्राहक कार्यालयाला ईमेल केला, उत्तर आलं की विक्रेत्याचं कर-नोंदणीतलं नाव द्या. पाटीवर एक नाव, पावतीवर दुसरं, बँकेच्या यादीत तिसरं. ते शोधणं माझं काम की त्यांचं? रोज शेकडो पर्यटक त्या वाटेने जातात, आणि चिठ्ठीवर चलन लिहा एवढंही कोणी बजावू शकत नाही?

बँकेने डिसेंबरात पैसे तात्पुरते जमा केले आणि जानेवारीत काढून घेतले. दुकानाने माझ्या सहीची पावती पाठवली होती, त्यावर यूएसडी, म्हणजे मला मान्य होतं. मी प्रमाणपत्राचा मुद्दा काढला. ह्यूस्टनमधल्या हिलक्रॉफ्टवरच्या आपल्या सोनाराने पेंडंट घासून बघितलं होतं. चांदी नाहीच, तिथे अल्पाका म्हणतात तो निकेल मिसळलेला पांढरा धातू, वर ९२५ चा शिक्का मारलेला. बँकेने त्याची चिठ्ठी ‘पुरेशी नाही’ म्हणून परत केली, आणि २० फेब्रुवारीला फाइल बंद. तुमच्यावर अशी वेळ आली तर त्याच दिवशी चिठ्ठीचा, पाटीचा आणि यादीतल्या त्या ६० पेसोंचा फोटो काढून ठेवा. माझ्याकडे पिरॅमिडचे ऐंशी फोटो आहेत आणि दुकानातला एकही नाही.

शीतपेयं सोडून सगळं मिळून १,६६७ डॉलर. एडीओ या बस कंपनीची साधी बस कॅनकुनहून सरळ चिचेन इत्साला जाते आणि दुपारी परत आणते. जमलं तर आदल्या रात्री चिचेन इत्साजवळच्या वायादोलिद गावात राहा, आठला गेटवर पोचा.

पेंडंट बाबांनी घरी आल्यावर भिंग घेऊन तपासली. रमा दोन अक्षरी, ईशान तीन अक्षरी, पण चारही पेंडंटवर तीनच चित्रं, आणि चारहींवर तीच. ते काही बोलले नाहीत, फक्त डब्या मिटून आईच्या हातात दिल्या. नातवंडांना त्या दिल्या नाहीत. आई सांगलीला परत जाईपर्यंत रोज म्हणायची, “माझ्यामुळे झालं, मीच नावं लिहून दिली, माझ्या एफडीतून घे.” एक लाख रुपयांच्या वर होतात ते. शेवटी मी तिला सांगितलं की बँकेने सगळे पैसे परत दिले. सांगलीत आमच्या ओळखीचं कोणी हे वाचत असेल, तर कृपा करून तिच्यासमोर हा विषय काढू नका.