नाशिकहून कोकणात: ६६ नंबर, सागरी महामार्ग की घाटावरून?

आधी एक समज दूर करू. मुंबई-गोवा हायवेवरून समुद्र दिसतो, अशा आशेने गाडीत बसलेली मुलं पेणपासून सावंतवाडीपर्यंत विचारत राहतात आणि समुद्र काही येत नाही. राष्ट्रीय महामार्ग ६६, पूर्वीचा १७ नंबर, पनवेलला सुरू होऊन सोळाशेहून जास्त किलोमीटर चालत कन्याकुमारीला पोचतो. पण महाराष्ट्रात तो सह्याद्रीच्या पायथ्यालगतच राहतो. महामार्गाला खेटून समुद्र बघायचा तर कर्नाटकात जावं लागतं, उदाहरणार्थ मरवंतेला. तिथे एका बाजूला नदी आणि दुसऱ्या बाजूला थेट वाळू.

असं का, ते वाटेवरची गावं सांगतात. महाड, चिपळूण, राजापूर, खारेपाटण ही खाडीच्या आतल्या टोकाची जुनी बंदरं. गलबतं तिथवर यायची आणि पुढे माल बैलांच्या पाठीवर घाट चढायचा. नदी तिथे अरुंद, म्हणून पूल बांधणं सोपं. रेवस ते रेडी जाणारा सागरी महामार्ग मात्र त्याच नद्या मुखाशी ओलांडू पाहतो. चिपळूणला वाशिष्ठी नदी पुलावरून कधी ओलांडली ते कळतही नाही. दाभोळला तिच्याचसाठी फेरीबोटीची वाट बघत थांबावं लागतं. महाडची सावित्री बाणकोटला भेटते, संगमेश्वरची शास्त्री जयगडला. अंतुले मुख्यमंत्री असताना, १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला, या रस्त्याची कल्पना पुढे आली. छोट्या खाड्यांवर पूल झाले, पण मोठ्या खाड्यांचं घोंगडं भिजत पडलं. बाणकोटचा पूल तर अर्धवट उभा राहिला आणि वर्षानुवर्षं तसाच होता. आगरदांडा-दिघी, बागमांडला-वेसवी, दाभोळ-धोपावे, तवसाळ-जयगड या फेऱ्यांची सवय लावून घ्यायची तयारी असेल तरच हा रस्ता धरा.

माझं मत सरळ आहे. सागरी महामार्ग हा पोचण्याचा रस्ता नाही, तो रस्ता म्हणजेच सहल. नाशिकहून निघून एका दिवसात मालवण गाठायचं असेल तर त्याच्या वाटेला जाऊ नका. दिवाळीनंतर, हाताशी सुट्टी असताना, दापोली-गुहागर-गणपतीपुळे हा एवढाच तुकडा करा. आरे-वारेचा घाट सकाळी उतरा. गावातले अरुंद रस्ते आणि चढावरची वळणं यांमुळे ताशी तीस-चाळीसच्या वर हिशोब धरू नये.

६६ नंबरचा हिशोब वेगळा. पनवेल-इंदापूर रुंदीकरण २०११ साली सुरू झालं आणि त्यानंतर किती मंत्र्यांनी किती तारखा दिल्या हे कोकणी माणसाला तोंडपाठ आहे. २ ऑगस्ट २०१६च्या रात्री महाडजवळ सावित्रीवरचा ब्रिटिशकालीन पूल वाहून गेला, एसटीच्या दोन गाड्यांसह. नवा पूल पुढच्याच वर्षी उभा राहिला. म्हणजे मनात आलं तर काम होतं! आता कशेडीचा बोगदा झाल्याने पोलादपूर ते खेड हा पूर्वीचा जिवावरचा टप्पा हलका झालाय, सिंधुदुर्गातला चौपदरी काँक्रीट रस्ता तर उत्तमच. डोकं फिरतं ते माणगाव-इंदापूरला, बाजारपेठेतून जाताना. गणपतीच्या आदल्या दोन-तीन दिवसांत तिकडे फिरकूच नका.

नाशिकहून पनवेल गाठणं मात्र सोपं झालं आहे. समृद्धी महामार्गाचा इगतपुरी-आमणे (भिवंडीजवळ) हा शेवटचा टप्पा जून २०२५मध्ये खुला झाला, कसारा घाट टळतो. दुचाकीला तिथे बंदी आहे, त्यामुळे बुलेटवाल्यांना जुनाच घाट. आमण्यापासून पुढे शिळफाट्याची कोंडी आहेच, पहाटे निघालात तर बरं.

तिसरा पर्याय लोक विसरतात: सिन्नर-संगमनेरवरून पुणे, पुढे कोल्हापूर, मग घाट उतरायचा. रत्नागिरीला जायचं तर आंबा घाटाने हा वळसा ऐंशी-शंभर किलोमीटरचा पडतो, परवडत नाही. पण सावंतवाडी किंवा वेंगुर्ल्याला जायचं तर दोन्हीकडून अंतर जवळपास सारखंच, सहाशेच्या आसपास. तिथे मी डोळे झाकून आंबोली घाट घेईन. पावसाळ्यात मात्र दरडींची चौकशी करून निघा. कोल्हापूर-वैभववाडी रस्त्यावरचा करूळ घाट तर बंद आहे की चालू, हे निघायच्या दिवशीच विचारावं.

एकंदरीत दापोली-गुहागरला जाणाऱ्यांनी ६६ने खेड-चिपळूणपर्यंत जाऊन मग खाली उतरावं. रत्नागिरी, राजापूरसाठीही ६६च. सावंतवाडी परिसर असेल तर कोल्हापूरवरून. आणि घरात गाडी चालवणारा एकटाच असेल तर मंगला एक्सप्रेस नाशिकरोडला थांबते, रत्नागिरीलाही थांबते. आरक्षण तेवढं लवकर करा.