लवासाचं नाव, धरणाची जमीन आणि माझे 10 लाख 35 हजार

पुण्याजवळच्या लवासा या हिल स्टेशनच्या बाजूला 'लेक टच' (तळ्याला लागून) प्लॉट आहे म्हणून कोणाचा फोन आला तर आधी हे वाचा. माझे 10,35,000 रुपये गेलेत. टोकन 51,000 गूगल पेवर, 4,50,000 चेकने, 4,49,000 रोख, वर 'डेव्हलपमेंट चार्ज' 85,000. पाच गुंठे, 1,90,000 रुपये गुंठा.

बाकी पद्धत असे प्लॉट विकणाऱ्यांची नेहमीचीच: आधी फोन, मग जागा दाखवायची, तिथेच टोकन घ्यायचं. पण या एजंटने लवासाचा इतिहास तोंडपाठ केला होता. 2001 साली मोसे खोऱ्यातली 18 गावं हिल स्टेशनसाठी जाहीर झाली, वरसगाव धरणाच्या काठी दासवे गावात इटलीतल्या पोर्टोफिनोच्या धर्तीवर इमारती उठल्या, नोव्हेंबर 2010 मध्ये केंद्रीय पर्यावरण मंत्रालयाने काम थांबवलं, ऑगस्ट 2018 मध्ये लवासा कंपनीच्या दिवाळखोरीची प्रक्रिया सुरू झाली. वाईट गोष्टीही स्वतःहून सांगायचा, म्हणून माणूस खरा वाटला. मग हळूच, "सर, जुलै 2023 ला एनसीएलटीने, म्हणजे कंपनी लवादाने, लवासा पुन्हा उभं करायचा 1,814 कोटींचा प्लॅन मंजूर केलाय. काम सुरू झालं की गुंठा पाच लाखांवर." लवासाशी त्याचा काडीचा संबंध नव्हता, फक्त पेपरातल्या बातम्या होत्या.

जागा दाखवली मे 2024 मध्ये. चुन्याच्या रेषा, खुंट्यांवर प्लॉट नंबर, समोर पाणी. पायाखाली भेगाळलेला गाळ होता आणि बुटांखाली शिंपले कडकड फुटत होते. एक झाड नाही, गवताची काडी नाही, नुसती जुनी काळी खोडं. शिंपले! डोंगरावरच्या जमिनीत शिंपले कुठून येतात? बायकोने विचारलंसुद्धा. तो म्हणाला, "मॅडम, पूर्वी कधीतरी पाणी यायचं." भर उन्हात, शेजारी दोन कुटुंबं टोकन देत असताना कोण वाद घालत बसतं? सातबारा दाखवला होता, गट नंबर खरा होता. फक्त तो गट वर डोंगरात होता आणि आम्ही उभे होतो धरणाच्या बुडित क्षेत्रात. पावसाळ्यात धरण भरलं आणि माझा प्लॉट खुंट्यांसकट पाण्याखाली गेला.

धरणाकाठची जागा उन्हाळ्यात बघूच नका, धरण भरल्यावर बघा.

चौकीत गेलो तर "दिवाणी मॅटर आहे, वकील करा". वकील म्हणतो, खरेदीखत नाही, 500 च्या स्टॅम्पवर नोटरी आहे, आधी गुन्हा नोंदवा. तहसील कचेरी म्हणते धरणाची जमीन पाटबंधारेवाल्यांची, तिकडे जा. पाटबंधारेवाले म्हणतात, तुम्ही आमच्या हद्दीत आलातच कसे? म्हणजे चोर मोकळा आणि जाब मला! सरकारी जमिनीवर उघड चुना मारून प्लॉट पाडले, दर रविवारी गाड्या भरून माणसं आणली, ते एकाही खात्याला दिसलं नाही? अर्जावर नुसता आवक शिक्का मारून देतात. वर एक साहेब म्हणाले, "शिकलेली माणसं तुम्ही, फसता कशी?" त्या एजंटला पकडायचं काम माझं आहे का?

नोटरीवर जमीन घेऊ नका. महारेरा नंबर (प्रकल्पाच्या सरकारी नोंदणीचा) 'प्रोसेसमध्ये' आहे म्हटलं की उठा. रोख तर अजिबात नको, माझ्या 4,49,000 ची पावतीच नाही. शासकीय मोजणीचा नकाशा मागा. शेतकरी दाखला किंवा जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी नसेल तर विकत घेतलेली शेतजमीन सहसा तुमच्या नावावर होत नाही, कोणी काहीही सांगो.

ज्यांनी तिथे पैसे भरलेत त्यांनी व्हॉट्सअ‍ॅप मेसेज आणि चेकच्या नोंदी पुसू नका. एकेकट्याला हाकलतात, सगळे मिळून पोलीस अधीक्षकांकडे जाऊ.