नॉरएथिस्टेरॉन की मेड्रॉक्सीप्रोजेस्टेरॉन: नावावरून काय कळते आणि काय कळत नाही

गौरी-गणपती, घरचे लग्न किंवा लांबचा प्रवास तोंडावर आला की औषधाच्या दुकानात ‘पाळी पुढे ढकलण्याची गोळी’ मागितली जाते आणि बहुतेक वेळा हातात पडते ती पाच मिलिग्रॅमची नॉरएथिस्टेरॉन, म्हणजे प्रायमोलट-एन किंवा रेजेस्ट्रॉन यांसारख्या नावाची स्ट्रिप. पाळी लांबली असेल तर ‘पाळी आणण्याची गोळी’ मागितली जाते. तेव्हा डेव्हिरी किंवा मेप्रेट मिळण्याचा संभव अधिक, आणि त्यांत दहा मिलिग्रॅम मेड्रॉक्सीप्रोजेस्टेरॉन अ‍ॅसिटेट असते. यावरून एक औषध पाळी थांबवते आणि दुसरे ती सुरू करते, असा समज रूढ झाला आहे, परंतु तो बरोबर नाही. दोन्ही औषधे प्रोजेस्टेरॉन या नैसर्गिक संप्रेरकाचे काम करणारी कृत्रिम संप्रेरके आहेत. गोळ्या चालू असेपर्यंत गर्भाशयाचे अस्तर टिकून राहते आणि त्या बंद केल्यावर काही दिवसांत ते सुटून रक्तस्राव होतो. ढकलणे आणि आणणे ही एकाच क्रियेची दोन टोके आहेत, म्हणून दुकानातल्या बोलीवरून निवड करण्यात अर्थ नाही. निवड करायचीच असेल तर स्ट्रिपवर बारीक अक्षरांत छापलेल्या मूळ औषधी नावाकडे पाहावे, कारण त्यात औषधाचे कुळ लिहिलेले असते आणि या दोन औषधांच्या बाबतीत कुळातला फरक प्रत्यक्ष उपयोगाचा आहे.

‘नॉरएथिस्टेरॉन’ हे नाव मागून पुढे वाचले तर लवकर उलगडते. शेवटचा ‘स्टेरॉन’ हा तुकडा टेस्टोस्टेरॉनमधून आला आहे. 1938 साली बर्लिनच्या शेरिंग कंपनीत टेस्टोस्टेरॉनच्या रेणूला एथिनिल नावाचा गट जोडून एथिस्टेरॉन तयार करण्यात आले, आणि पुरुषी संप्रेरकापासून बनलेला हा पदार्थ तोंडावाटे घेतल्यास प्रोजेस्टेरॉनसारखे काम करतो असे आढळले. नैसर्गिक प्रोजेस्टेरॉन पोटातून घेतल्यास फारसे टिकत नसल्यामुळे या शोधाला महत्त्व आले. रसायनशास्त्रात ‘नॉर’ या उपसर्गाचा अर्थ मूळ रेणूतून कार्बनाचा एक अणू काढून टाकलेला, असा होतो. मेक्सिको सिटीतील सिंटेक्स कंपनीत कार्ल जेरासी आणि जॉर्ज रोझेनक्रांझ यांच्यासोबत काम करणाऱ्या लुईस मिरामोन्तेस या तरुण रसायनशास्त्रज्ञाने ऑक्टोबर 1951 मध्ये नेमका हा कार्बन वगळलेले एथिस्टेरॉन तयार केले, आणि ते मूळ पदार्थापेक्षा कितीतरी प्रभावी ठरले. अमेरिकेत 1957 साली ते प्रथम पाळीच्या तक्रारींसाठी बाजारात आले. गर्भनिरोधक गोळ्यांत त्याचा वापर त्यानंतरचा.

‘मेड्रॉक्सीप्रोजेस्टेरॉन’ त्या मानाने सरळ आहे. त्यात मिथिल आणि हायड्रॉक्सी या दोन गटांची नावे आखडून ‘मेड्रॉक्सी’ झाले आणि पुढे ‘प्रोजेस्टेरॉन’ जसेच्या तसे राहिले. म्हणजे हे औषध प्रोजेस्टेरॉनच्याच घराण्यातले आहे, तर पहिले टेस्टोस्टेरॉनच्या घराण्यातून येऊन प्रोजेस्टेरॉनचे काम करणारे. नावात टेस्टोस्टेरॉनचा अंश दिसला म्हणून नॉरएथिस्टेरॉन पुरुषी औषध ठरत नाही, हे सांगायला हवे, कारण इंटरनेटवर नाव शोधून घाबरणाऱ्यांची संख्या कमी नाही. मूळ कुळाचा जो अवशेष राहतो तो सौम्य असतो: काहींना मुरुमे येतात, त्वचा तेलकट होते. थोड्या दिवसांच्या वापरात बहुतेकांना एवढेही जाणवत नाही.

खरा फरक आहे तो ‘एथि’ या अक्षरांत. संयुक्त, म्हणजे दोन संप्रेरके एकत्र असलेल्या, गर्भनिरोधक गोळ्यांत जे एथिनिलएस्ट्रॅडिओल नावाचे कृत्रिम इस्ट्रोजेन असते, त्यातही हाच एथिनिल गट आहे, आणि नॉरएथिस्टेरॉनचा अगदी थोडा अंश शरीरात त्याच इस्ट्रोजेनमध्ये रूपांतरित होतो. मिनी-पिल म्हणजे इस्ट्रोजेन नसलेली गर्भनिरोधक गोळी, तिच्यातील 0.35 मिलिग्रॅमच्या मात्रेत हे रूपांतर नगण्य ठरते. परंतु पाळी पुढे ढकलण्यासाठी पाच मिलिग्रॅमची गोळी दिवसातून तीनदा घेतली जाते, आणि रोज 10 ते 20 मिलिग्रॅम नॉरएथिस्टेरॉन घेणे म्हणजे सुमारे 20 ते 30 मायक्रोग्रॅम एथिनिलएस्ट्रॅडिओल असलेली गोळी घेण्यासारखे होऊ शकते, असे ब्रिटनमधील तज्ज्ञांचे मार्गदर्शन सांगते. आपल्याकडच्या माला-डी गोळीत हे इस्ट्रोजेन 30 मायक्रोग्रॅम असते, एवढ्यावरून अंदाज यावा. इस्ट्रोजेनमुळे रक्तात गुठळी होण्याचा धोका वाढतो, म्हणून ज्या स्त्रीला संयुक्त गोळी द्यायला डॉक्टर कचरतील, तिला ‘चार दिवसांची तर गोष्ट’ म्हणून दुकानदाराने ही स्ट्रिप देणे योग्य नाही. पायाच्या किंवा फुफ्फुसाच्या रक्तवाहिनीत पूर्वी गुठळी झालेली असणे, घरात तसा इतिहास असणे, डोळ्यांपुढे चकाकी किंवा नागमोडी रेषा दिसून सुरू होणारी अर्धशिशी, पस्तिशीनंतरचे धूम्रपान, नियंत्रणात नसलेला रक्तदाब, बराच लठ्ठपणा, नुकतीच झालेली मोठी शस्त्रक्रिया, या सगळ्यांत नॉरएथिस्टेरॉनची ही मात्रा टाळण्याकडे किंवा फार विचाराने देण्याकडे कल असतो. पाळी ढकलण्याचे कारण अनेकदा लांबचा विमानप्रवास असतो आणि तासन्‌तास एका जागी बसणे हेही गुठळीला पोषक असते, हा योगायोग विसरता कामा नये.

मेड्रॉक्सीप्रोजेस्टेरॉनचे असे इस्ट्रोजेन होत नाही. म्हणून वरीलपैकी काही जोखीम असलेल्या स्त्रीसाठी दहा मिलिग्रॅमची मेड्रॉक्सीप्रोजेस्टेरॉनची गोळी दिवसातून तीनदा हा पर्याय ब्रिटनमधील तज्ज्ञ सुचवतात. तो पूर्णपणे निर्धोक आहे असा याचा अर्थ नाही. गुठळी पूर्वी होऊन गेली असल्यास या गोळीबाबतही डॉक्टरांनाच निर्णय घेऊ द्यावा. शिवाय मेड्रॉक्सीप्रोजेस्टेरॉनमध्ये कॉर्टिसोल या शरीरातील स्टेरॉइड संप्रेरकासारखा सौम्य गुण आहे, आणि जास्त मात्रा दीर्घकाळ घेतल्यास वजन, सूज, रक्तातील साखर यांकडे लक्ष ठेवावे लागते.

जोखीम नसलेल्या निरोगी स्त्रीला एकदाच, ठरावीक तारखेसाठी पाळी पुढे न्यायची असेल, तर माझ्या मते नॉरएथिस्टेरॉनकडेच झुकावे. या कामाचा त्याचा अनुभव दीर्घ आहे आणि पद्धत स्पष्ट आहे: अपेक्षित तारखेच्या तीन दिवस आधी सुरुवात, दिवसातून तीन गोळ्या, आणि बंद केल्यावर साधारण दोन-तीन दिवसांत रक्तस्राव. पाळी सुरू झाल्यावर किंवा आदल्या रात्री गोळी घेऊन ‘लागू पडली नाही’ म्हणणाऱ्यांची तक्रार औषधाविरुद्ध नसून तारखेविरुद्ध असते. (पाळीत देवघरापाशी जावे की न जावे हा प्रश्न ज्याने त्याने सोडवावा, केवळ घरच्यांच्या आग्रहापायी वर्षातून चार-पाच वेळा या गोळ्या घेणाऱ्या मुलींबद्दल मात्र डॉक्टरांशी एकदा बोलायला हवे.) अंगावरून अति जात असताना ते थांबवायलाही नॉरएथिस्टेरॉन अधिक वापरले जाते, दिवसातून तीन गोळ्या दहा दिवस, अशा क्रमात बहुधा एक ते तीन दिवसांत रक्तस्राव आटोक्यात येतो.

याउलट पाळी महिनोन्‌महिने लांबते, तपासणीत गर्भधारणा नाही आणि अस्तर मोकळे व्हावे अशी डॉक्टरांची इच्छा आहे, तेव्हा मेड्रॉक्सीप्रोजेस्टेरॉन पाच ते दहा दिवस देण्याची रीत जुनी आहे. पीसीओएस, म्हणजे पाळी अनियमित करणारा संप्रेरकांचा विकार, असलेल्या मुलींच्या चिठ्ठीवर ते वारंवार दिसते आणि तिथे मी त्याला पहिली पसंती देईन.

आता नावाने जे कळत नाही त्याकडे. एकाच औषधी नावाखाली भलत्याच मात्रा विकल्या जातात. अमेरिकेत नॉरएथिस्टेरॉनला नॉरएथिंड्रोन म्हणतात, आणि तेथील मिनी-पिलमध्ये ते 0.35 मिलिग्रॅम असते, म्हणजे आपल्या पाच मिलिग्रॅमच्या गोळीच्या चौदाव्या हिश्श्याइतके. न्यू जर्सीतल्या मुलीने ती गोळी दाखवून ‘हीच ना गं?’ विचारले आणि पुण्यातल्या आईने नाव जुळते म्हणून होकार दिला, तर पाळी काही ठरल्याप्रमाणे पुढे जाणार नाही. तेथे पाच मिलिग्रॅमची गोळी मिळते ती नॉरएथिंड्रोन अ‍ॅसिटेटची, आणि हा ‘अ‍ॅसिटेट’ शेपटीला शोभेसाठी जोडलेला नाही: तेथील माहितीपत्रकानुसार वजनाला वजन धरले तर अ‍ॅसिटेट रूप साध्या रूपाच्या दुप्पट प्रभावी आहे. ‘एनँथेट’ जोडले की तेच औषध दोन महिन्यांतून एकदा घ्यायचे 200 मिलिग्रॅमचे गर्भनिरोधक इंजेक्शन होते. स्ट्रिप वाचताना नाव, त्यापुढची शेपटी आणि मिलिग्रॅम हे तिन्ही एका दमात वाचावेत.

मेड्रॉक्सीप्रोजेस्टेरॉन अ‍ॅसिटेटच्या बाबतीत गोळी आणि इंजेक्शन यांतला फरक तर याहून मोठा आहे. 2017 पासून सरकारी दवाखान्यांत ‘अंतरा’ या नावाने विनामूल्य मिळणारे इंजेक्शन म्हणजे याच औषधाची 150 मिलिग्रॅमची, हळूहळू शरीरात मिसळणारी मात्रा असून ती दर तीन महिन्यांनी घेतात. गर्भनिरोधक म्हणून ते प्रभावी आहे आणि रोज गोळीची आठवण ठेवण्याची कटकट नाही. परंतु पाळी अनियमित होते किंवा बंद होते, थांबवल्यावर पुन्हा दिवस जायला कित्येक महिने लागू शकतात, आणि दीर्घ वापरात हाडांची घनता कमी होते. 2024 मध्ये फ्रान्समधील मोठ्या पाहणीत एक वर्षाहून अधिक काळ हे इंजेक्शन घेणाऱ्यांमध्ये मेंदूच्या आवरणाच्या गाठीचे, म्हणजे मेनिन्जिओमाचे, प्रमाण वाढलेले दिसले. ही गाठ मुळात विरळ आहे, तरी निर्णय घेणारीला हे ठाऊक असावे. दहा दिवसांच्या गोळ्यांना या मुद्द्यांचे भय लावण्याचे कारण नाही. तसेच, ‘अंतरा’ गर्भ टाळते म्हणून त्याच औषधाची गोळीही टाळेल, असे कोणी गृहीत धरू नये. पाळी ढकलण्यासाठी किंवा आणण्यासाठी दिलेल्या दोन्ही गोळ्या गर्भनिरोधक म्हणून भरवशाच्या नाहीत.

नावाच्या साम्याचा धोका मुख्यतः दुसऱ्या औषधाला आहे. मेड्रॉक्सीप्रोजेस्टेरॉन आणि मिथिलप्रेडनिसोलोन या स्टेरॉइडची गल्लत होऊ नये म्हणून अमेरिकेच्या औषध प्रशासनाने ही नावे मधली अक्षरे मोठ्या लिपीत छापून वेगळी दाखवावीत असे सुचवले आहे. देवनागरीत मोठी-लहान अक्षरे नसल्याने ही युक्ती आपल्या उपयोगाची नाही. चिठ्ठी घाईत लिहिलेली असेल तर दुकानदाराकडून नाव मोठ्याने वाचून घ्यावे.

क्षयावरचे रिफाम्पिसिन किंवा फिटांवरची फेनिटॉइन, कार्बामॅझेपाइन ही औषधे चालू असतील तर ती या संप्रेरकांचे शरीरातील विघटन वाढवतात आणि गोळी पुरेशी लागू पडत नाही, म्हणून दोन्हींपैकी कोणतीही निवडण्याआधी हे डॉक्टरांना सांगावे. स्तनांचा कर्करोग, यकृताचा गंभीर विकार किंवा कारण न कळलेला रक्तस्राव असताना दोन्ही टाळली जातात. आणि पाळी आणण्यासाठी गोळी घेण्यापूर्वी घरच्या घरी गर्भधारणेची चाचणी करावी, कारण यांपैकी कोणत्याही गोळीने गर्भ पडत नाही आणि गर्भारपणात त्या घेऊ नयेत. गोळ्या संपल्यावर आठवडा-दहा दिवस उलटूनही रक्तस्राव झाला नाही तर दुसरी स्ट्रिप आणण्याऐवजी चाचणी पुन्हा करावी आणि स्त्रीरोगतज्ज्ञांकडे जावे.