वर्गणी संपल्यावर साठवलेल्या डावांचं काय होतं : तीन वर्षं आणि त्यापुढचे आठ महिने

माझी लेक अकरा वर्षांची आहे. सातव्या वर्षापासून ती बुद्धिबळाच्या स्पर्धा खेळते आणि तिचा प्रत्येक डाव आम्ही एका सशुल्क साइटवर साठवत होतो. तीन वर्षं नियमित पैसे भरले, वर्षाला साडेचार हजारांच्या आसपास. गेल्या ऑगस्टमध्ये वर्गणी संपली. संपल्यावर काय होतं हे पैसे भरताना मला कोणी सांगितलं नव्हतं आणि मीही विचारलं नव्हतं. ज्यांची मुलं आत्ता खेळायला लागली आहेत त्यांनी हे आधीच वाचावं म्हणून सविस्तर लिहिते आहे.

आधी हे डाव इतके मोलाचे का, ते सांगते. मोठ्या स्पर्धेत वरच्या काही पटांवरचे डाव इलेक्ट्रॉनिक पटांमुळे आपोआप नोंदले जातात, घरबसल्या बघता येतात. नऊ वर्षांखालच्या गटात बासष्टाव्या पटावर बसलेल्या पोरीचा डाव मात्र तिच्या स्कोअरशीटशिवाय, म्हणजे चाली लिहायच्या कागदाशिवाय, कुठेच नसतो. फिडे या जागतिक बुद्धिबळ संघटनेच्या नियमानुसार स्कोअरशीट आयोजकांच्या मालकीची असते. आपल्या हाती येते ती खालची प्रत, निळसर आणि पुसट. नागपूरच्या उन्हाळ्यात कपाटात ठेवलेल्या आमच्या पहिल्या वर्षाच्या प्रती आता उजेडात तिरप्या धरून वाचाव्या लागतात.

म्हणून स्पर्धेवरून प्रतापनगरला घरी आलो, की जेवणं झाल्यावर आम्ही दोघी लॅपटॉप घेऊन बसायचो. ती चाली वाचायची, मी भरायची. तिचा इंग्रजी एक आणि सात सारखाच दिसतो. मध्येच एखादी चाल नियमात बसेना झाली की चार चाली मागे जाऊन शोधायचं, हत्ती नक्की कुठल्या घरात गेला होता. मग धरमपेठेतल्या क्लासचे सर त्याच डावावर टिपणं करायचे, पर्यायी चाली घालायचे, पटावर हिरवे-लाल बाण काढायचे. खाली लेकही मराठीत लिहायची. आठव्या वर्षी हरलेल्या एका डावात तिने लिहिलंय, "इथे मला वजीर दिसला होता पण मी घाबरले." असे ४१२ डाव, पाच फोल्डरांत लावलेले.

वर्गणी मी ठरवून बंद केली नव्हती. रिझर्व्ह बँकेच्या १ ऑक्टोबर २०२१ पासून लागू झालेल्या नियमांमुळे कार्डावरून आपोआप पैसे कापायचे असतील तर आधी मँडेट, म्हणजे तशी परवानगी, नोंदवावं लागतं, आणि पैसे जाण्याच्या किमान २४ तास आधी तसा संदेश यावा लागतो. नियम चांगलाच आहे, त्याने लोकांचे पैसे वाचलेत. पण माझं जुनं कार्ड मुदत संपून बदललं आणि नव्या कार्डावर मँडेट नोंदवायचं राहून गेलं. साइटची दोन मेल जाहिरातींच्या टॅबमध्ये पडून राहिली. वर ते दिवसही कसे होते! २८ जुलै २०२५ ला आपल्या नागपूरच्या दिव्या देशमुखने बाटुमीला कोनेरू हम्पीला टायब्रेकमध्ये हरवून महिला विश्वचषक जिंकला आणि त्याच विजयाने ती ग्रँडमास्टर झाली. रौनक साधवानी, संकल्प गुप्ता हे नागपूरचे ग्रँडमास्टर आधीपासून होतेच, पण त्या आठवड्यात क्लासमध्ये चप्पल काढायला जागा उरली नव्हती. घरीदारी एकच विषय. अशात मेल कोण बघतं.

कळलं ते सरांच्या फोनवरून. "ताई, ती लिंक काऊन उघडून नाही राहिली?" मी लॉगिन केलं. डावांची यादी पूर्ण दिसत होती, म्हणून क्षणभर हायसं वाटलं. मग एक डाव उघडला. खेळलेल्या चाली होत्या, पण टिपणांच्या जागी राखाडी पट्टी, तिच्यावर कुलूप आणि पुन्हा सदस्य होण्याचं बटण. पर्यायी चाली गायब. पाचपैकी चार फोल्डर नुसते बघायला, नवा डाव घालायचा तर एकाच फोल्डरात. शोध बंद. सरांना दिलेल्या सगळ्या लिंक मेलेल्या. उतरवून घ्यायची सोय होती, पण एकेक डाव करत आणि नुसत्या चालींसकट. लेक मागे येऊन उभी राहिली होती. तिने विचारलं, "आई, मी लिहिलेलं गेलं का?" माझ्याकडे उत्तर नव्हतं.

इंजिनचं, म्हणजे संगणकाने केलेलं, डावांचं विश्लेषण बंद झालं याबद्दल माझी काही तक्रार नाही. त्यांचा सर्व्हर चालतो, त्याचे पैसे घ्यावेत. जादा पझल, व्हिडिओ, तेही वर्गणीबरोबर जाणार हे समजण्यासारखं आहे. पण "मी घाबरले" हे वाक्य माझ्या मुलीचं आहे. ते तिने टाइप केलं. त्यावर कुलूप घालायचा हक्क कुणाला कसा पोचतो, हे मला आजही पटलेलं नाही. जागेचा खर्च म्हणाल तर टिपणांसकट सगळे ४१२ डाव मिळून एक एमबीसुद्धा होत नाहीत. मोबाइलने काढलेला एक फोटो याहून मोठा असतो.

मदत विभागाला लिहिलं. चार दिवसांनी नम्र उत्तर आलं : काहीही पुसलेलं नाही, सदस्यत्व परत घेतल्यास सगळं पूर्ववत दिसेल. माहिती किती दिवस ठेवता, असं मी उलट विचारलं. उत्तर होतं, "काही काळ". मी हिशेबाचं काम करते. तारीख नसलेल्या आश्वासनावर मला झोप लागत नाही. अटी पुन्हा नीट वाचल्या. सोयी बंद होतील असं त्यात लिहिलं होतं, पण आपण लिहिलेली टिपणंही त्या सोयींतच मोडतात हे कुठेही सरळ शब्दांत नव्हतं.

शेवटी सप्टेंबरमध्ये एका महिन्याचे पैसे भरले, फक्त माल बाहेर काढण्यासाठी. तुमच्यावर ही वेळ आली तर हाच मार्ग घ्या. पुन्हा वर्षाचं सदस्यत्व घेऊ नका, एक महिना पुरतो. कुलूप लगेच निघालं आणि एकेक पूर्ण फोल्डर पीजीएन फाइल म्हणून उतरवता आला.

पीजीएन हे नाव पालकांच्या कानावर सतत पडतं, पण ते काय आहे ते फार कमी जणांनी उघडून पाहिलेलं असतं. १९९३ मध्ये स्टीव्हन एडवर्ड्स यांनी ही पद्धत बांधली. ती साध्या मजकुराची फाइल आहे, नोटपॅडमध्येही उघडते. वर सात ठरलेल्या ओळी : स्पर्धा, ठिकाण, तारीख, फेरी, पांढरा, काळा, निकाल. त्याखाली चाली, आणि टिपणं महिरपी कंसात. तारीख ठाऊक नसेल तर आकड्यांच्या जागी प्रश्नचिन्हं. आमच्या पहिल्या वर्षाच्या सहा डावांवर अशी प्रश्नचिन्हं आहेत, कारण स्कोअरशीटवर तिने तारीखच लिहिली नव्हती. बुद्धिबळाचा जवळपास प्रत्येक प्रोग्राम ही फाइल वाचतो. म्हणून कोणत्याही सेवेकडे पैसे देण्याआधी एकच विचारा : वर्गणी संपल्यावर मला माझे सगळे डाव, टिपणं आणि पर्यायी चालींसकट, एकत्र पीजीएनमध्ये मिळतील का?

फाइल हाती आली तरी माझा जीव पुन्हा एकदा उडाला. घरातल्या जुन्या प्रोग्राममध्ये ती उघडली तर चाली ठीक, पण मराठी टिपणांच्या जागी न वाचता येणारी चिन्हं. वाटलं, हेही गेलं. मग तीच फाइल नोटपॅडमध्ये उघडली आणि सगळी देवनागरी जशीच्या तशी समोर आली. कारण असं, की पीजीएनच्या मूळ नियमात युरोपीय अक्षरांचा संच धरलेला आहे, देवनागरीला त्यात जागाच नाही. आताच्या साइट युटीएफ-८ ही सगळ्या लिपी मावणारी पद्धत वापरतात, जुने प्रोग्राम तसं समजून वाचत नाहीत. मजकूर शाबूत असतो, वाचणारा चुकतो. एक मात्र जपा : अशी बिघडलेली दिसणारी फाइल त्या जुन्या प्रोग्राममधून पुन्हा सेव्ह करू नका. तसं केलं तर खरंच बिघडेल.

आता सगळं लायचेसवर आहे. ही साइट थिबो ड्युप्लेसी यांनी २०१० मध्ये सुरू केली, देणग्यांवर चालते आणि तिथे सशुल्क पायरीच नाही, त्यामुळे काही संपण्याचा प्रश्न येत नाही. देणगी दिली तर नावापुढे एक खूण मिळते, बाकी सोयी सगळ्यांना सारख्या. तिथे डाव टिपणांसकट ज्या वहीत ठेवतात तिला स्टडी म्हणतात; एका स्टडीत ६४ प्रकरणं, म्हणजे ६४ डाव, मावतात, म्हणून आमच्या ४१२ डावांच्या सात स्टडी झाल्या. त्या फक्त निमंत्रितांना दिसतील अशा ठेवल्या आहेत, कारण या वयातही समोरची मुलं तयारी करून येतात. आठ महिन्यांत अडचण एकच जाणवली : सातही स्टडींत एकदम शोध घेता येत नाही. जुन्या जागेची ती सोय खरंच छान होती, आणि डाव भरण्याचा पडदाही जास्त सुटसुटीत होता. ते मी नाकारणार नाही.

पण आता लायचेसवरही मी पूर्ण विसंबत नाही. प्रत्येक स्पर्धेनंतर फाइल उतरवून एक प्रत लॅपटॉपवर, एक पेन ड्राइव्हवर, एक स्वतःलाच मेल करून. पाच मिनिटांचं काम आहे. स्कोअरशीटचा फोटोही त्याच दिवशी काढते, शाई गडद असतानाच.

एक गोष्ट मात्र परत आली नाही. सरांचे बाण. जुन्या साइटवर ते वेगळ्याच पद्धतीने साठवलेले होते आणि उतरवलेल्या फाइलमध्ये आलेच नाहीत. साठ-पासष्ट डाव असे आहेत, ज्यांत टिपण म्हणतं, "हे बघ, इथून" आणि पटावर काहीच नाही. सरांना विचारलं, तर इतक्या पोरांचे इतके डाव, त्यांना तरी कसं आठवणार. रविवारी क्लास सुटल्यावर ते अर्धा तास थांबतात, लेक आणि ते मिळून एकेक डाव परत बघतात. आतापर्यंत एकवीस झाले. मागच्या रविवारी ज्या डावात सर अडले, तो तिने आठव्या वर्षी खेळलेला होता. तिने टिपण वाचलं, थोडा वेळ पटाकडे बघितलं आणि म्हणाली, "सर, उंट होता. सी१ वरून एच६." सरांनी तिच्याच हातात माऊस दिला आणि बाण तिने काढला.