नेट-सेट नसलेल्यांनी अर्ज भरण्याआधी या वकील मॅडमना कागद दाखवावेत

सहायक प्राध्यापक म्हणून माझी निवड झाली आणि नेट झालेल्या दुसऱ्या उमेदवाराने उच्च न्यायालयाच्या खंडपीठात रिट याचिका टाकली. म्हणणं एवढंच, की मी नेट-सेट, म्हणजे प्राध्यापकपदाची पात्रता परीक्षा, पास नाही. नोटीस घेऊन छत्रपती संभाजीनगरला या मॅडमकडे गेले. त्यांनी आधी पीएचडीच्या नोंदणीची तारीख विचारली. ती ११ जुलै २००९ च्या आधीची असेल तर नेटमधून सूट मिळते, पण यूजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोगाच्या) पाच अटी पुऱ्या व्हाव्या लागतात: नियमित पद्धतीने पदवी, दोन बाह्य परीक्षक, खुली मौखिक परीक्षा, दोन शोधनिबंध, परिषदांत दोन सादरीकरणं. मॅडमनी या अटी पुऱ्या केल्याचा माझा विद्यापीठाचा दाखला ओळीवर बोट ठेवून वाचला. मौखिक परीक्षा खुली झाल्याचा उल्लेखच राहिला होता. कुलसचिवांच्या सहीचा नवा दाखला आणायला लावला. पीएचडी असली तरी नेटची अट वैध ठरवणारा २०१५ चा पी. सुशीला खटल्याचा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल समोरचे वकील दाखवतील, हेही आधीच सांगितलं. ‘जिंकूच’ असं एकदाही म्हणाल्या नाहीत, आणि मला तेच आवडलं. फी टप्प्याटप्प्याने, पावतीसह. फोन मात्र क्वचितच उचलतात, ज्युनिअरला व्हॉट्सअ‍ॅप करावं. प्रकरण अजून चालू आहे, मी रुजू आहे.